साडेत्रेसष्ट अंशांचा उजेड

जुन्या बांधकामाची स्तुती आणि नव्याची निंदा ही शहरातील सुशिक्षित कुटुंबांत नित्याची गोष्ट आहे. जुन्या भिंती हातभर रुंद असत, नव्या भिंतीत खिळा ठोकला की पलीकडच्या बिऱ्हाडाला कळते; जुन्या जिन्याचा सागवानी कठडा तीन पिढ्यांच्या हातांनी गुळगुळीत होई, नव्या इमारतीला पाचव्या पावसाळ्यात ओल येते; अशी ही तक्रार असते. या तक्रारीत सत्य किती आणि गेलेल्या दिवसांची गोडी किती, हे निवडून काढणे सोपे नाही. इमारतीचे सौंदर्य हा पुष्कळ अंशी रुचीचा प्रश्न आहे, आणि रुचीच्या प्रश्नावर आजोबा व नातू यांचे एकमत क्वचितच होते. परंतु घराच्या रचनेत एक गोष्ट अशी आहे की, जी रुचीवर मुळीच अवलंबून नाही आणि जी अगदी काटेकोरपणे मोजता येते. ती म्हणजे तळमजल्यावरच्या खोलीत भर दिवसा येणारा उजेड. मुंबई शहराने हा उजेड एके काळी खरोखरच मोजला होता. तो मोजणे त्या शहराला एका भयंकर साथीने भाग पाडले. ते माप हाती कसे आले आणि पुढे हातचे कसे सुटले, हे पाहू गेल्यास आधुनिक इमारतींची अवनती नेमकी कोठे झाली, याचा उलगडा होतो.

महाराष्ट्रातील जुन्या वाड्यांपासून आरंभ करणे सोयीचे होईल. वाडा हा बाहेरून बंद आणि आतून मोकळा असे. रस्त्याच्या बाजूला उंच भिंत, भक्कम दरवाजा व त्यातली दिंडी. आत शिरले की चौक, चौकाभोवती ओसरी, सोपा, माजघर, आणि थोरामोठ्यांच्या घरी एकामागून एक असे दोन-तीन चौक. पुण्यातील शनिवारवाडा १७३२ मध्ये राहता झाला, विश्रामबागवाडा दुसऱ्या बाजीरावाने १८०७ च्या सुमारास बांधून पुरा केला. या दोहोंत जो वैभवाचा फरक आहे तो असो, पण घराने उजेड आकाशातून चौकाच्या वाटे घ्यावयाचा, रस्त्यावरून नव्हे, हे तत्त्व दोन्हीकडे एकच होते. सामान्य गृहस्थाचा दोन खणी वाडाही त्याच तत्त्वावर उभा असे. वाड्यातील सर्वच खोल्या प्रकाशमान होत्या असे मात्र कोणी समजू नये. माजघर अंधारेच असे, आणि बाळंतिणीची खोली तर बहुधा सर्वात अंधारी. तरीपण दिवसाचे बरेचसे जिणे ओसरीवर व चौकात होई. धान्य निवडणे, मुलांचे परवचे म्हणणे, पाहुण्यांचा पाट मांडणे, दुपारचे पडणे हे सर्व उजेडात घडे. अंधारी खोली ही साठवणाची व विश्रांतीची जागा होती, अष्टौप्रहर राहण्याची नव्हे.

मुंबईत हा हिशेब बिघडला. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कापसाचा व्यापार व गिरण्या यांच्यामुळे शहरात माणसांचा लोंढा आला आणि जागेचा भाव चढत गेला. मांडवी, चकला, उमरखाडी अशा भागांत जमिनीचे तुकडे रस्त्याकडे अरुंद व मागे लांबलचक होते. अशा तुकड्यावर घर उभारताना चौकाची जागा सोडणे मालकाला परवडेना. त्याने चौक बुजविला आणि त्याच्या जागी खोल्या काढल्या. पुढची खोली रस्त्यावर, मागची खोली घरगल्लीवर, आणि मधल्या खोल्यांना खिडकीच नाही, अशी घरे रांगेने उभी राहिली. दोन घरांमधली घरगल्ली म्हणजे शेतखान्यांच्या टोपल्यांची व सांडपाण्याची वाट. तिच्याकडे उघडणारी खिडकी असली तरी दुर्गंधीमुळे ती बंदच राही. वाड्यातील अंधारे माजघर मुंबईत आले, पण त्याच्या शेजारचा चौक मात्र आला नाही.

येथे एका गोष्टीकडे लक्ष वेधणे अवश्य आहे. ज्या काळाला आज मुंबईच्या स्थापत्याचे सुवर्णयुग म्हणतात, तो नेमका हाच काळ. फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स या स्थपतीच्या योजनेप्रमाणे व्हिक्टोरिया टर्मिनसचे काम १८७८ मध्ये सुरू झाले आणि दहा वर्षांत ती वास्तू पुरी झाली. तिच्यावरील पानाफुलांचे व पशुपक्ष्यांचे कोरीव काम जे. जे. कलाशाळेतील विद्यार्थ्यांच्या साहाय्याने झाले. आज छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस या नावाने ओळखली जाणारी ही वास्तू २००४ पासून जागतिक वारशाच्या यादीत आहे, आणि तो मान तिला योग्यच आहे. परंतु त्याच दशकांत, तेथून थोड्याच अंतरावर मांडवीतील हमाल व कारकून भर दुपारी दिवा लावून जेवत होते. इमारतीचा चेहरा आणि इमारतीचे पोट या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. जुन्या काळाने चेहऱ्यावर अपार कष्ट घेतले. पोटाची चिंता त्याने केली नाही. तेव्हा जुने ते सर्व सोने आणि नवे ते सर्व पितळ, हा निवाडा इतिहासाला मान्य होण्यासारखा नाही.

पोटाची चिंता करण्यास शहराला भाग पाडले ते ग्रंथिक सन्निपाताने, म्हणजेच प्लेगने. १८९६ च्या सप्टेंबर महिन्यात मांडवी भागात तापाचे काही रोगी तपासताना डॉ. अकासियो गॅब्रियल व्हिएगश या मूळच्या गोव्याच्या डॉक्टरांनी हा प्लेग आहे असे निदान केले. सुरुवातीस त्यांच्यावर विश्वास ठेवण्यास पुष्कळजण तयार नव्हते. पण थोड्याच आठवड्यांत प्रेतांची संख्या वाढली, आणि लोक मिळेल त्या गाडीने व गलबताने शहर सोडू लागले. १८९१ च्या खानेसुमारीत मुंबईची लोकसंख्या ८,२१,७६४ होती. १९०१ मध्ये ती ७,७६,००६ भरली. वाढत्या शहराची वस्ती दहा वर्षांत घटावी, ही गोष्ट सामान्य नव्हे.

प्लेग उंदरांच्या अंगावरील पिसवांमुळे पसरतो, हे ज्ञान तेव्हा सर्वमान्य झाले नव्हते. अंधार, ओल आणि कोंडलेली हवा यांतच रोगाचे मूळ आहे, असे अधिकारी मानीत. त्यांनी घरांच्या दारांवर ‘मनुष्यवस्तीस अयोग्य’ अशा अर्थाची यू. एच. एच. ही इंग्रजी अक्षरे रंगविली, आणि सूर्यप्रकाश आत यावा म्हणून कित्येक घरांच्या छपरांवरची कौले काढून टाकली. ज्या खोलीत वर्षानुवर्षे ऊन पडले नव्हते, तेथे ते असे पडले. बिऱ्हाडकरूंच्या दृष्टीने हा जुलूमच होता, आणि प्लेगच्या बंदोबस्ताविषयी लोकांत जो संताप उसळला त्याचा इतिहास सर्वांना ठाऊक आहे. प्लेगविषयीचे अधिकाऱ्यांचे अनुमान चुकीचे होते, पण अंधाऱ्या व कोंदट खोलीविषयीची त्यांची शंका अगदीच निराधार नव्हती. कारण प्लेगपेक्षा हळू चालणारा, पण अधिक चिवट असा क्षयरोग अशाच खोल्यांत घर करून राहतो.

या संकटातून १८९८ मध्ये मुंबई शहर सुधारणा विश्वस्त मंडळ, म्हणजे लोकांच्या तोंडचे ‘इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट’, कायद्याने स्थापन झाले. समुद्रावरील वारा दाट वस्तीत शिरावा म्हणून प्रिन्सेस स्ट्रीट व सँडहर्स्ट रोड असे रुंद रस्ते या मंडळाने वस्तीतून कापून काढले. नागपाड्यासारख्या भागांतील जुनी घरे पाडून नवी आखणी केली. या कामात गरीब बिऱ्हाडकरूंचे जे हाल झाले ते विसरून चालणार नाही. पाडापाडी आधी व पर्यायी घरे मागाहून, असा प्रकार वारंवार घडला, आणि एका गल्लीतून उठविलेली माणसे शेजारच्या गल्लीत अधिक दाटीने राहू लागली. तथापि या मंडळाच्या हातून एक गोष्ट अशी झाली की, तिचे महत्त्व आजही कमी झालेले नाही.

मंडळाचे अध्यक्ष जे. पी. ऑर यांनी १९१२ मध्ये ‘मुंबईतील घरांतील उजेड व हवा’ या विषयावर एक व्याख्यान दिले. खोलीत उजेड पुरेसा आहे किंवा नाही, हे पाहणाऱ्याच्या मर्जीवर न सोडता त्यासाठी भूमितीचा नियम असावा, असा त्यांचा आग्रह होता. नियम असा: घराच्या सर्वात खालच्या खोलीच्या बाह्य भिंतीच्या पायथ्यापासून समोरच्या इमारतीच्या माथ्यापर्यंत एक रेषा कल्पावी. ही रेषा जमिनीशी जो कोन करील, तो साडेत्रेसष्ट अंशांहून अधिक असता कामा नये. शाळेतील त्रिकोणमिती ज्यांच्या स्मरणात आहे, त्यांना याचा अर्थ चटकन ध्यानात येईल. ६३.५ अंशांच्या कोनाची स्पर्शज्या जवळजवळ बरोबर दोन असते. म्हणजेच समोरची इमारत जितकी उंच, तिच्या निम्म्याने तरी दोहोंमधील अंतर असलेच पाहिजे. साठ फूट उंचीच्या घरासमोर तीस फूट मोकळी जागा सोडावी, की काम झाले. गवंड्यालाही दोरी ताणून तपासता येईल, असा हा नियम होता.

साडेत्रेसष्ट हा आकडा काही दैवी नव्हे. इंग्लंडात याहून उदार असा पंचेचाळीस अंशांचा कोन आदर्श मानला जाई. त्यात उंचीइतकेच अंतर सोडावे लागते. मुंबईत जमीन महाग आणि सूर्य प्रखर, म्हणून येथे थोडी तडजोड करण्यात आली. पण तडजोडीलाही एक मर्यादा होती, आणि ती मर्यादा ठरविताना मोजपट्टी कोठे ठेवली गेली हे पाहण्यासारखे आहे. ती जमीनमालकाच्या खतावणीत ठेवली गेली नाही. सर्वात खालच्या मजल्यावर राहणाऱ्या माणसाच्या उंबरठ्यावर ठेवली गेली.

या नियमाची फळे मुंबईकरांनी पुढे पन्नास वर्षे चाखली. दादर, माटुंगा, वडाळा, शीव या बाजूची शेते व खाजणे ताब्यात घेऊन विश्वस्त मंडळाने तेथे नवी उपनगरे आखली. जमीन भाडेपट्ट्याने देताना इमारतीची उंची, दोन इमारतींमधील अंतर व मोकळी जागा यांच्या अटी पट्ट्यातच घातल्या गेल्या. हिंदू कॉलनी, पारशी कॉलनी आणि पुढे शिवाजी पार्कच्या आसपास १९२० नंतरच्या पंचवीस वर्षांत जी घरे झाली, ती या शिस्तीत झाली. तळमजला व त्यावर दोन किंवा तीन मजले, चारही बाजूंनी हवा, स्वयंपाकघराला स्वतंत्र खिडकी, पुढे एक गॅलरी. चौक गेला होता, पण चौकाचे काम आता दोन घरांमधील मोकळी जागा करू लागली. आणि ओसरीचे काम गॅलरीने पत्करले. गिरगावातील दोन खोल्या सोडून दादरला आलेल्या कारकून, शिक्षक व वकील मंडळींना या घरांत प्रथमच दिवसाउजेडी पुस्तक वाचता आले. मराठी मध्यमवर्गाचे कितीतरी वाचन, गाणे आणि नाटकांच्या तालमी याच गॅलऱ्यांच्या साक्षीने झाल्या.

१९३३ मध्ये विश्वस्त मंडळ महापालिकेत विलीन झाले, परंतु त्याने घालून दिलेली सवय काही काळ टिकली. बॅकबेच्या भरणीवर मरीन ड्राइव्हच्या इमारती उभ्या राहिल्या, त्याही एकसारख्या उंचीच्या व एका रांगेत. गोलाकार कोपरे, खिडक्यांवरील लांब छज्जे, जहाजाच्या कठड्यासारख्या गॅलऱ्या अशा या इमारतींची गणना २०१८ मध्ये ओव्हल मैदानाच्या परिसरातील इमारतींसह जागतिक वारशात झाली. त्या पाहून परदेशी लोक त्यांच्या नक्षीची तारीफ करतात. पण त्या छज्ज्याखाली पावसाळ्यातही खिडकी उघडी ठेवता येते, ही खरी तारीफ होय. याच काळातील बी. डी. डी. चाळींकडे पाहिले म्हणजे त्या युगाची दुसरी बाजू दिसते. १९२० मध्ये स्थापन झालेल्या सरकारी विकास खात्याने पन्नास हजार बिऱ्हाडांची योजना आखली. प्रत्यक्षात वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्ग व शिवडी येथे २०७ चाळींत सुमारे १६,००० खोल्या झाल्या. खोली १६० चौरस फुटांची, मधून अंधारा वऱ्हांडा, शौचकूप सामाईक. कामगारांना या चाळी आवडल्या नाहीत, व आरंभीची काही वर्षे पुष्कळ खोल्या रिकाम्या राहिल्या. इतकी कठोर रचना असूनही चाळी एकमेकींपासून दूर होत्या, मध्ये मैदाने होती, आणि वरळीचे जांबोरी मैदान तर सार्वजनिक जीवनाचे ठाणेच झाले. कंजूष सरकारनेही मोकळी जागा मात्र सोडली होती.

मग ही शिस्त सुटली कशी? स्थपतींची बुद्धी एकाएकी मंद झाली, हे उत्तर बरोबर नाही. तीन कारणे एकामागून एक आली, आणि गंमत अशी की, त्यांतील प्रत्येक गोष्ट करणाऱ्याचा हेतू वाईट नव्हता.

पहिले कारण भाड्याचे. दुसऱ्या महायुद्धात जागांची टंचाई झाली, म्हणून भाडी गोठविण्यात आली. १९४७ च्या भाडे नियंत्रण कायद्याने ती १९४० च्या पातळीवर कायम केली. भाडेकरूला संरक्षण मिळाले हे न्याय्यच झाले. परंतु दशके लोटली तरी भाडे वाढेना, तेव्हा मालकाने डागडुजी सोडली, आणि भाड्याने देण्यासाठी घर बांधण्याचा धंदाच बंद पडला. पूर्वीचा मालक स्वार्थी असला तरी त्याला चाळीस वर्षे त्याच इमारतीचे भाडे घ्यावयाचे असे. पुष्कळदा तो स्वतः तिच्याच एका मजल्यावर राही. त्याच्या जागी जो आला, तो घर बांधून, विकून, हिशेब पुरा करून निघून जाणारा होता. विकलेल्या घराच्या खिडकीतून वारा येतो की नाही, हे कळण्यास एक उन्हाळा जावा लागतो. तोवर व्यवहार झालेला असतो.

दुसरे कारण आकड्याचे. १९६४ च्या विकास आराखड्याने मुंबईत चटईक्षेत्र निर्देशांकाची कल्पना आणली. भूखंडाच्या क्षेत्राच्या किती पट बांधकाम करता येईल, हे सांगणारा हा आकडा. १९९१ च्या नियमावलीत तो शहरात सामान्यतः १.३३ व उपनगरांत १ असा होता. वस्तीची दाटी आवरावी हाच त्याचा उद्देश होता. पण या आकड्याला फूट मोजता येतात, उजेड मोजता येत नाही. इमारत हा फुटांचा व्यवहार झाला, आणि ज्या ज्या भागाला नियमाने मोजदादीतून सूट दिली, तो तो भाग इमारतीत फुगू लागला. गॅलरीला सूट होती तोवर गॅलऱ्या निघाल्या. पण घेणाऱ्याने त्या काचा लावून खोलीत ओढल्या. २०१२ मध्ये नियम बदलून गॅलरीही मोजदादीत धरण्यात आली, तेव्हा नव्या इमारतींतून गॅलरी जवळजवळ नाहीशीच झाली. ओसरीची ती शेवटची आठवण सूत्रातील एका दुरुस्तीने पुसली गेली. मोकळ्या जागेचे नियम पुस्तकात राहिले खरे. पण जेथे जागा कमी पडेल तेथे अधिमूल्य भरून सवलत घेण्याची वाट निघाली. सूर्यप्रकाश कमी देण्याची किंमत सरकारी तिजोरीत जमा होऊ लागली; ज्याचा प्रकाश कमी झाला, त्याच्या हाती त्यातले काही पडले नाही.

तिसरे कारण सर्वात करुण आहे. १९९५ मध्ये झोपडपट्टीवासीयांना फुकट घर देण्याची योजना आली. विकासकाने त्यांची घरे बांधावी, आणि मोबदल्यात त्याला बाजारात विकण्यासाठी जादा बांधकाम मिळावे, असा तो सौदा. घर प्रथम २२५ चौरस फुटांचे होते, पुढे ते वाढत ३०० पर्यंत गेले. चिखलात व गटारीच्या काठी राहिलेल्या कुटुंबाला स्वतःच्या नावाची खोली, आत नळ व शौचकूप मिळणे, ही थोडी गोष्ट नव्हे. तिचा उपहास करण्याचा अधिकार चार खोल्यांत राहणाऱ्याला नाही. पण जितकी थोडी जागा या घरांना लागेल, तितकी विक्रीच्या इमारतीला अधिक उरते. म्हणून मोकळ्या जागांच्या अटी याच घरांसाठी सर्वात सैल करण्यात आल्या.

त्याचा परिणाम गोवंडी-मानखुर्दच्या बाजूला पाहावयास मिळतो. रेल्वे व रस्ते यांच्या प्रकल्पांसाठी हटविलेली कुटुंबे तेथील नटवर पारेख कंपाउंड व लल्लूभाई कंपाउंड या वसाहतींत आणून ठेवण्यात आली. नटवर पारेख वसाहतीत तळमजला धरून आठ मजल्यांच्या इमारती एकमेकींपासून सुमारे तीन मीटरांवर उभ्या आहेत. येथे ऑर यांची दोरी ताणून पाहावी. मजल्याला तीन मीटर धरले, तर इमारतीची उंची चोवीस मीटर होते; १९१२ च्या नियमाप्रमाणे दोन इमारतींत बारा मीटर अंतर हवे. तेथे तीन आहे. साडेत्रेसष्ट अंशांचा कोन त्र्याऐंशी अंशांवर जाऊन पोहोचला आहे. तळमजल्यावरच्या खिडकीतून आकाश पाहावयाचे तर मान जवळजवळ सरळ वर करावी लागेल. खालच्या मजल्यावरच्या बाया वरून पडणाऱ्या कचऱ्यामुळे व घाणीमुळे ती खिडकीही बंद ठेवतात. म्हणजे मांडवीची घरगल्ली शंभर वर्षांनी पुन्हा अवतरली.

आणि तिच्याबरोबर रोगही आला. ‘डॉक्टर्स फॉर यू’ या संस्थेने मुंबईच्या आयआयटीतील अभ्यासकांच्या साहाय्याने या वसाहतींची पाहणी केली. ती २०१८ मध्ये प्रसिद्ध झाली. वरील दोन वसाहतींत दर दहा घरांमागे सुमारे एका घरात क्षयाची बाधा आढळली. जवळच्याच, पण इमारतींत अधिक अंतर असलेल्या पी. एम. जी. वसाहतीत हे प्रमाण शंभरांत एकाच्या आसपास होते. खालच्या मजल्यांवर, जेथे उजेड व वारा कमी, तेथे रोगी अधिक. गरिबी दोहीकडे होती; फरक मोकळ्या जागेचा होता. प्लेगच्या वेळी अधिकाऱ्यांनी जे अर्धवट जाणले होते, ते आता मोजून सिद्ध झाले. आणि दुर्दैव असे की, ते सिद्ध करण्यासाठी लागणारी वसाहत शहराने स्वतःच बांधून दिली होती.

या सर्वांवर एक आक्षेप घेतला जातो, आणि तो विचारात घेणे न्याय्य आहे. मुंबई हे चिंचोळे बेट आहे, माणसे कोट्यवधी, तेव्हा उंच बांधण्यावाचून गत्यंतर नाही. दादरची तीन मजली घरे आज बांधू म्हटले तर माणसांनी राहावे कोठे? या आक्षेपात तथ्य आहे. परंतु उंची हा मूळ दोष नव्हे. चार्ल्स कोरिया यांची कांचनजंगा ही इमारत १९८३ मध्ये कुंबाला हिलवर पुरी झाली. ती अठ्ठावीस मजल्यांची आहे. पण घराच्या कोपऱ्याकोपऱ्यांत दोन मजले उंचीच्या खोल गॅलऱ्या ठेवून कोरियांनी जुन्या बंगल्याची पडवीच जणू आकाशात नेली. पश्चिमेचे ऊन व पावसाचा मारा त्या गॅलरीतच अडतो, वारा मात्र आरपार जातो. ही श्रीमंतांची बत्तीस घरे आहेत हे खरे. पण तिच्यातील युक्ती पैशाची नाही, विचाराची आहे. आणि साडेत्रेसष्ट अंशांच्या नियमाने उंचीला कधीच मनाई केली नव्हती. जितके उंच, तितके दूर, एवढेच तो सांगत होता. तेव्हा वस्ती दाट असो की विरळ, शहराने ठरवावयाचे ते इतकेच की, दाटीचा भार कोणी सोसावयाचा. सध्याच्या रचनेत तो भार सर्वात खालच्या मजल्यावरचा माणूस सोसतो, मग तो झोपडीतून आलेला असो, की जुन्या चाळीचा पुनर्विकास होऊन नव्या टोलेजंग इमारतीच्या मागच्या अंगाला राहावयास गेलेला असो.

बी. डी. डी. चाळींचाही आता पुनर्विकास होत आहे. वरळीला २०२५ च्या ऑगस्ट महिन्यात पहिल्या ५५६ कुटुंबांना पाचशे चौरस फुटांच्या घरांच्या किल्ल्या मिळाल्या. शंभर वर्षे १६० फुटांत काढलेल्या कुटुंबांच्या घरी त्या दिवशी तोरणे लागली असतील, आणि ती लागावीत हेच योग्य. त्या चाळीस मजली इमारतींचा चेहरा सुंदर आहे की नाही, यावर वर्तमानपत्रांत वाद होतील. त्या वादापेक्षा अधिक मोलाचे उत्तर कालांतराने मिळेल, आणि ते सर्वात खालच्या बिऱ्हाडाकडून मिळेल.

आजच्या बांधकामात काहीच चांगले नाही असे म्हणणे कृतघ्नपणाचे ठरेल. पोलाद, सिमेंट, पंप, उद्वाहक, अग्निशमनाची साधने हे सर्व ऑर यांच्या काळापेक्षा शतपटीने सुधारले आहे. आकाशाला टेकणारी इमारत उभारण्याचे सामर्थ्य आज आहे. अवनती झाली ती कौशल्याची नव्हे, तर प्रश्न विचारण्याच्या जागेची. १९१२ मध्ये तो प्रश्न तळमजल्याच्या उंबरठ्यावरून विचारला गेला. आज तो भूखंडाच्या कागदावरून विचारला जातो. घर घेणारा गृहस्थही भाव विचारतो, चटईक्षेत्र विचारतो, मोटार कोठे ठेवावयाची ते विचारतो, आणि बाराव्या मजल्यावरच्या नमुन्याच्या घरातून समुद्राची रेघ पाहून परत फिरतो. त्याने उद्वाहकाने खाली उतरल्यावर क्षणभर मागच्या बाजूला जावे, सर्वात खालच्या खिडकीशी उभे राहावे, आणि तेथे दुपारी बारा वाजता दिव्याविना वर्तमानपत्र वाचता येते का, ते पाहावे. येत असेल, तर ती इमारत चांगली आहे. मग तिच्यावर नक्षी असो वा नसो.